मौर्य साम्राज्य अशोकाच्या अहिंसेमुळे बुडालं का?

प्रश्न थोडक्यात असा आहे: शाळेत शिकवलं की कलिंगानंतर अशोकानं शस्त्र खाली ठेवलं, सैन्य गंजलं आणि पन्नास वर्षांत मौर्य साम्राज्य गेलं. पुढे वाचन वाढलं तसं दिसलं की कुणी शेवटच्या मौर्याला मारणाऱ्या सेनापती पुष्यमित्राकडे बोट दाखवतो, कुणी रिकाम्या खजिन्याकडे, कुणी ग्रीकांकडे. मग खरं कारण कोणतं? आणि एकाच घटनेची इतकी वेगवेगळी कारणं हे विद्वान देतात ती कशाच्या जोरावर?

माझी नोकरी प्राचीन भारताचा इतिहास शिकवण्यात गेली आणि उरलेला वेळ आहत नाणी नि ब्राह्मी लेखांत. त्यामुळे हा प्रश्न दर वर्षी नव्या तोंडून ऐकला आहे. अहिंसेपुरतं उत्तर लगेच देतो: सांगितल्या जाणाऱ्या कारणांत ते सगळ्यांत लेचंपेचं आहे. बाकीच्याला वेळ लागतो, कारण ‘का बुडालं’ या प्रश्नाच्या पोटात आणखी दोन प्रश्न असतात. बुडालं म्हणजे नक्की काय बुडालं? आणि त्या पन्नास वर्षांबद्दल बोलायला आपल्या हातात आहे काय? ज्यानं या दोहोंचं जे उत्तर धरलं, त्याप्रमाणे त्याचं कारण ठरतं.

आधी हातात काय आहे ते पाहू. अशोक गेला इसवी सनपूर्व 232 च्या सुमारास. शेवटचा मौर्य बृहद्रथ मारला गेला 185 च्या आसपास. या मधल्या काळात दगडावर स्वतःचं नाव ठेवून गेलेला मौर्य राजा एकच सापडतो, तो दशरथ. बिहारमधल्या नागार्जुनी टेकडीत त्यानं आजीविक नावाच्या पंथाच्या साधूंना तीन गुहा दिल्या, गादीवर बसल्या बसल्या दिल्या असं लेख सांगतो, आणि संपलं. उरतात पुराणांतल्या राजांच्या याद्या. पुराणं मौर्यांना एकूण 137 वर्षं देतात. त्यातून चंद्रगुप्ताची 24, बिंदुसाराची 25 आणि अशोकाची 36 वजा केली की राहतात 52. या 52 वर्षांत बसवायचे कोण, यावर मात्र कुणाचं कुणाशी जमत नाही. वायुपुराणात कुणाल, बंधुपालित, इंद्रपालित येतात. मत्स्यपुराणात दशरथ आणि संप्रती. बौद्धांच्या दिव्यावदानात तिसरीच माळ आहे आणि तिच्या शेवटी खुद्द पुष्यमित्रच मौर्य म्हणून बसलेला! राजतरंगिणी काश्मीरमध्ये जलौक नावाचा अशोकपुत्र राज्य करताना दाखवते, जैन परंपरा संप्रतीचं नाव उज्जैनशी जोडते.

याद्या जुळत नाहीत म्हणून अनेकांनी त्या बाजूला ठेवल्या. मला त्यांचं न जुळणंच बोलकं वाटतं. अशोकानंतर एकाच वेळी दोन-तीन ठिकाणी मौर्य घराण्यातलेच वेगवेगळे लोक राज्य करत असतील, तर प्रत्येक प्रदेशाच्या आठवणीत आपापला ‘अशोकानंतरचा राजा’ राहणार. ग्रीक इतिहासकार पॉलिबियसची एक नोंद याच दिशेनं जाते. इ.स.पू. 206 च्या सुमारास सेल्युकसच्या वंशातला तिसरा अँटायोकस हिंदुकुश ओलांडून आला, सुभगसेन नावाच्या ‘भारतीयांच्या राजा’शी जुनी मैत्री ताजी केली आणि हत्ती घेऊन माघारी गेला. सुभगसेन मौर्यांचाच कुणी होता की वेगळा, हे पॉलिबियस सांगत नाही. पण अशोक जाऊन पंचवीस-सव्वीस वर्षं झाली आहेत, आणि वायव्येला परका राजा हत्तींचा सौदा करतोय त्या बोलण्यात पाटलिपुत्र कुठेच नाही. म्हणजे बृहद्रथाचा खून व्हायच्या कितीतरी आधी साम्राज्याची वरची कड सुटली होती. हा क्रम लक्षात ठेवा, पुढे लागेल.

आता अहिंसा. अशोकाचे लेख सलग वाचले की शाळेतला अशोक टिकत नाही. तेराव्या शिलालेखात तो कलिंगाबद्दल हळहळतो. एक लाख मारले गेले, दीड लाख धरून नेले, हे आकडे तो स्वतःच देतो. त्याच लेखात पुढे जंगलातल्या टोळ्यांना बजावतो की पश्चात्ताप झाला असला तरी माझ्या हातात अजून ताकद आहे, नीट वागा. कलिंग त्यानं परत केला नाही. एवढंच काय, कलिंगात, म्हणजे धौली आणि जौगड इथे, तेरावा लेख कोरलाच नाही. तिथे त्या जागी अधिकाऱ्यांना सूचना देणारे दोन वेगळे लेख आहेत. ज्यांच्यावर तलवार चालवली त्यांच्या डोळ्यांसमोर पश्चात्ताप कोरून ठेवायचा नाही, एवढं राजकारण त्याला कळत होतं. फाशी बंद केली म्हणावं, तर चौथ्या स्तंभलेखात फाशीच्या कैद्याला तीन दिवसांची मुदत मिळते, फाशी कायम राहते. मांसाहाराचंही तसंच. पहिल्या शिलालेखात तो सांगतो की पूर्वी राजाच्या मुदपाकखान्यासाठी रोज लाखो जीव मारले जात, आता फक्त तीन: दोन मोर आणि एक हरीण, आणि हरीणही रोज नाही. पुढे हेही बंद होईल म्हणतो. यात सैन्य मोडलं असं एक अक्षर कुठे नाही.

शिवाय शेवटाची जी एकमेव कथा आपल्याकडे आहे ती काय सांगते? सातव्या शतकात बाणभट्ट हर्षचरितात लिहितो की सेनापती पुष्यमित्रानं सगळं सैन्य दाखवायच्या मिषानं बृहद्रथाला बोलावलं आणि तिथेच आपल्या धन्याला चिरडलं. म्हणजे पन्नास वर्षं गंजलेलं म्हणतात ते सैन्य संचलन करण्याइतकं जागेवर होतं, आणि राजाचा जीव त्या सैन्याच्या सेनापतीनंच घेतला! बाण घटनेनंतर आठशे वर्षांनी लिहितो, त्यामुळे त्याच्यावर फार भार टाकू नये. पण अहिंसेचं कारण सांगणारे हीच कथा वापरतात, म्हणून ती त्यांच्यावर उलटते हे सांगितलं.

दुसरं लोकप्रिय कारण म्हणजे ब्राह्मणांचा उठाव. 1910 मध्ये हरप्रसाद शास्त्रींनी ते पद्धतशीर मांडलं. यज्ञातल्या पशुहत्येवर बंदी, सर्वांना सारखा दंड, धम्ममहामात्र नावाचे नवे अधिकारी, यामुळे ब्राह्मण दुखावले आणि त्यांनी पुष्यमित्राच्या हातून मौर्यांना संपवलं, असा त्यांचा युक्तिवाद. इतिहासकार हेमचंद्र रायचौधुरींनी त्याचा एकेक दगड काढला. अशोकाच्या लेखांत ब्राह्मण आणि श्रमण (म्हणजे बौद्ध, जैन वगैरे संन्यासी) या दोघांनाही दान द्या, मान द्या असं पुनःपुन्हा येतं. आणि ब्राह्मणांवर एवढी खप्पामर्जी होती तर ज्याला परंपरा ब्राह्मण म्हणते तो पुष्यमित्र सेनापतिपदापर्यंत पोहोचला कसा? गंमत अशी की शास्त्रींना इतकं नेमकं उत्तर देणारे रायचौधुरी स्वतः मात्र अशोकाच्या शांततावादाकडेच वळले.

पुष्यमित्रानं बौद्ध भिक्षूंच्या डोक्यावर बक्षीस लावलं ही कथा तुम्ही वाचली असेल. शाकल नगरात प्रत्येक श्रमणाच्या शिरासाठी शंभर दीनार, असं अशोकावदान हा बौद्ध ग्रंथ सांगतो. पण दीनार हे रोमन नाण्याचं नाव. पुष्यमित्राच्या काळात ते इथे कुणाच्या तोंडी असायचं कारण नाही, म्हणजे ही कथा या रूपात तरी पुढच्या शतकांतली आहे. दुसरीकडे भारहुतच्या स्तूपाच्या तोरणावर ‘शुंगांच्या राज्यात’, म्हणजे पुष्यमित्राच्या घराण्याच्या काळात, उभारल्याची नोंद आहे, आणि सांचीचा स्तूप मोठा झाला तोही इ.स.पू. दुसऱ्या शतकातच. छळ अजिबात झाला नाही असं यावरून सिद्ध होत नाही. बौद्ध संघ देशोधडीला लागला नाही, एवढं मात्र होतं.

इथे मराठी वाचकासाठी एक गोष्ट मुद्दाम सांगतो, कारण या विषयावर आपल्याकडे डोकी लवकर तापतात. सावरकरांनी पुष्यमित्राला सोनेरी पान दिलं, यवनांपासून, म्हणजे ग्रीकांपासून, देश वाचवणारा म्हणून. आंबेडकरांनी त्याच पुष्यमित्रात बौद्ध क्रांतीविरुद्धची ब्राह्मणी प्रतिक्रांती पाहिली. दोघांचे निष्कर्ष एकमेकांच्या थेट विरुद्ध, पण पाया एकच: एका सेनापतीनं केलेला एक खून, आणि त्याबद्दलची मूठभर, बहुतेक उशिराची वाक्यं. दोघांनाही आपापल्या काळाशी बोलायचं होतं आणि ते त्यांनी ताकदीनं केलं. पण तुमचा प्रश्न कार्यकारणाचा आहे. राजधानीतला खून हा वायव्य आणि दख्खन हातातून जाण्याचं कारण होऊ शकत नाही. ते आधीच जाऊ लागलं होतं. मघाचा क्रम इथे लागतो.

तिसरं कारण पैशाचं. इथे मी जरा रेंगाळणार आहे, कारण मला ते सगळ्यांत आवडतं, पटत नसलं तरी. हे कारण मांडणारे दामोदर धर्मानंद कोसंबी मूळचे गोव्याचे, राहायचे पुण्यात, पेशानं गणिती. त्यांनी राजे, धर्म, युद्धं बाजूला ठेवून तराजू हातात घेतला.

आहत नाणं तुम्ही पाहिलं नसेल तर सांगतो. चांदीच्या पत्र्याचा कापलेला वेडावाकडा तुकडा, वजन जुळवण्यासाठी बऱ्याचदा एखादा कोपरा छाटलेला. प्रमाण वजन 32 गुंजा, म्हणजे साडेतीन ग्रॅमच्या आत-बाहेर. एका बाजूला पाच ठसे: सूर्य, सहा आऱ्यांचं एक चिन्ह, आणि मग टेकडी, हत्ती, झाड असं काहीतरी. ठसे एकावर एक चढलेले, अर्धे काठाबाहेर गेलेले. नाव नाही, साल नाही, राजाचा चेहरा नाही. पाठ फिरवली की बारीक बारीक खुणा दिसतात, कुठे एक, कुठे सात-आठ, कुठे एकही नाही. कोसंबींच्या ध्यानात आलं की पाठीवरच्या खुणा जितक्या जास्त, तितकं सरासरी वजन कमी. अर्थ उघड आहे: नाणं हातोहात फिरताना झिजतं, आणि वेळोवेळी तपासणारा पाठीवर आपली खूण मारतो. म्हणजे झीज मोजली तर कोणती नाणी जुनी, कोणती नवी हे ठरवता येतं. ज्या नाण्यांवर एक अक्षर नाही त्यांची कालानुक्रमे रांग त्यांनी वजनावरून लावली. आजही विद्यार्थ्यांना हे समजावताना मला आनंद होतो.

मग तक्षशिलेतल्या आधीच्या आणि नंतरच्या नाणेनिधींची (एकत्र पुरलेल्या नाण्यांच्या साठ्यांची) तुलना करून ते म्हणाले की पुढच्या काळातल्या नाण्यांत तांब्याची भेसळ वाढते आणि वजनातला काटेकोरपणा जातो. याला त्यांनी साहित्यातले दाखले जोडले. व्याकरणकार पतंजली महाभाष्यात जाता जाता म्हणतो, ‘मौर्यैर्हिरण्यार्थिभिरर्चाः प्रकल्पिताः’, सोन्याच्या लोभानं मौर्यांनी मूर्ती घडवल्या. खजिना रिकामा झाला तर रातोरात देवस्थान उभं करून भाविकांकडून पैसा काढा, असा सल्ला कौटिल्याच्या ‘अर्थशास्त्र’ या ग्रंथातही आहेच. दोन्ही शेजारी ठेवले की चित्र उभं राहतं: अवाढव्य नोकरशाही, अवाढव्य सैन्य, आटलेला खजिना, भेसळीचं नाणं.

चित्र देखणं आहे, पण सांधे कच्चे आहेत. पहिला सांधा असा की भेसळीची नाणी शेवटच्या मौर्यांचीच, हे नाण्यांवर लिहिलेलं नाही. ते आपण ठरवतो. दुसरा, भेसळ झाली म्हणजे तिजोरी रिकामीच असं नसतं. व्यवहार वाढले, नाण्याला मागणी वाढली आणि चांदी तेवढीच राहिली, तरीही तांबं जास्त पडणार. तिसरा सांधा अर्थशास्त्राचा. प्रा. कंगल्यांनी त्याची चिकित्सक आवृत्ती मुंबईत सिद्ध केली आणि तो ग्रंथ चंद्रगुप्ताच्या मंत्र्याचाच मानला. 1971 मध्ये थॉमस ट्राउटमन यांनी शब्दांच्या वापराची मोजदाद करून तो अनेक हातांचा असल्याचं दाखवलं. ते मान्य केलं तर त्यातला सल्ला म्हणजे शेवटच्या मौर्यांच्या तिजोरीचा ताळेबंद ठरत नाही. चौथा आणि सगळ्यांत जड मुद्दा इतिहासकार रोमिला थापर यांनी मांडला: उत्खनन उलट बोलतं. हस्तिनापूर असो की ओडिशातलं शिशुपालगड, त्या काळाच्या आणि लगेच नंतरच्या थरांत वस्ती वाढते, घरं सुधारतात, भाजलेल्या मातीची कडी एकावर एक रचून बांधलेल्या विहिरी दिसतात. सांचीला दान देणाऱ्यांत साधी माणसं आहेत. ही लक्षणं कंगाल होत चाललेल्या समाजाची नाहीत.

म्हणून आता मागे ठेवलेला प्रश्न: बुडालं काय? लोक गरीब झाले नाहीत, शहरं ओस पडली नाहीत, व्यापार वाढला. बुडालं ते एक घराणं, आणि पाटलिपुत्रात बसून चार दिशांना हुकूम धाडण्याची व्यवस्था. मग कारणही त्या व्यवस्थेतच शोधायला हवं.

ती व्यवस्था होती कशी? नकाशात अफगाणिस्तानापासून कर्नाटकापर्यंत एकच रंग भरतात, त्यामुळे सगळीकडे सारखंच राज्य असल्याचा भास होतो. लेख कुठे सापडतात आणि काय सांगतात ते पाहिलं की रंग फिका-गडद होतो. गंगेच्या खोऱ्यात आणि आसपास लेख घरगुती कारभाराचं बोलतात. लुंबिनीला अशोक बली नावाचा कर माफ करतो आणि पिकातला वाटा आठव्या हिश्शावर आणतो. सोहगौरा आणि महास्थान इथल्या छोट्या लेखांत संकटकाळासाठी भरलेल्या कोठारांची व्यवस्था आहे. दक्षिणेत असं काही नाही. तिथले लेख मस्की, ब्रह्मगिरी अशा, बऱ्याचदा सोन्याच्या पट्ट्याजवळच्या जागी घोळक्यानं आहेत. थापर यांनी 1961 मध्ये मौर्यांचं वर्णन बरंच केंद्रित राज्य असं केलं होतं. 1980 च्या दशकात त्यांनीच ते बदलून मध्यवर्ती मगध, काही महत्त्वाचे गाभ्याचे प्रदेश आणि भोवतालचा सैल परिघ अशी मांडणी केली. त्याच सुमारास जेरार फुसमान यांनीही अंतरांचा मुद्दा काढला: एवढ्या लांबवर त्या काळी रोजचा कारभार हाकणं शक्यच नव्हतं.

माझं मत याच बाजूचं आहे, त्यात एक भर घालून. धौलीच्या लेखात अशोक म्हणतो की अधिकारी लोकांना विनाकारण डांबतात, छळतात, हे थांबलं पाहिजे. त्यासाठी मी दर पाच वर्षांनी तपासायला माणूस पाठवीन, आणि उज्जैन नि तक्षशिलेचे कुमार तर तीन वर्षांच्या आतच पाठवतील. तीन ते पाच वर्षांतून एकदा तपासणी! आणि प्रांतावर बसलेला कोण, तर राजपुत्र. तोसली, उज्जैन, तक्षशिला, सुवर्णगिरी, प्रत्येक ठिकाणी राजरक्ताचा माणूस, हाताशी अधिकारी, सैन्य आणि महसूल. बाप खमका असेपर्यंत हे उत्तम चालतं. तो गेला की प्रत्येक कुमाराकडे राज्य करायला लागणारं सगळं तयारच असतं. बिंदुसारानंतर अशोकाला गादी मिळताना भांडण झाल्याच्या कथा बौद्ध परंपरेत आहेत. तेव्हा एकाच्या हातात सगळं आलं. अशोकानंतर आलं नाही, असं याद्यांच्या गोंधळावरून दिसतं. वेगळं, गूढ कारण शोधायची गरज मला वाटत नाही.

परिघावरून पाहिलं तर हीच पन्नास-शंभर वर्षं ऱ्हासाची राहतच नाहीत. अशोक आपल्या लेखांत राष्ट्रिक, पेतेणिक, भोज अशी नावं घेतो, ती बहुधा आपल्या बाजूची. सोपाऱ्याला त्याच्या आठव्या शिलालेखाचा तुकडा 1882 मध्ये भगवानलाल इंद्रजींना सापडला, नवव्याचा 1956 मध्ये. म्हणजे लिपी, लेख कोरण्याची पद्धत, राजानं दगडावर बोलायचं असतं ही कल्पना इथवर पोहोचली होती. पुढे जुन्नरजवळच्या नाणेघाटात सातवाहन राणी नागनिकेचा लेख येतो: अश्वमेध, राजसूय, दक्षिणा म्हणून हजारो गाई आणि कार्षापण नाणी. कलिंगात राजा खारवेल हाथीगुंफेत आपल्या स्वाऱ्या वर्षावार कोरतो, त्यात मगधावरची स्वारीही. ज्यांना मौर्यांनी लिहायला आणि नाणं वापरायला लावलं, त्यांनी ते स्वतःच्या नावानं सुरू केलं. घाटात उभं राहून तो लेख वाचताना ‘साम्राज्याचा ऱ्हास’ हा शब्दप्रयोग फारच पाटलिपुत्री वाटतो.

रोमशी तुलना करावी का, असंही बरेचजण विचारतात. करावी, पण जपून. रोमच्या शेवटाबद्दल इतकं लिहून उरलं आहे की अलेक्झांडर डेमांट या जर्मन इतिहासकारानं 1984 मध्ये आजवर दिल्या गेलेल्या कारणांची यादी केली, ती 210 वर गेली. मौर्यांची कारणं बोटांवर मोजता येतात, ती साधनं कमी म्हणून. कोणतंही कारण समोर आलं की मी विद्यार्थ्यांना दोनच गोष्टी विचारायला सांगतो. हेच कारण भरभराटीच्या काळातही हजर होतं का? जुलमी अधिकारी बिंदुसाराच्या वेळीही होते, तक्षशिलेनं त्यांच्याविरुद्ध उठाव केल्याची कथा आहे, तरी राज्य टिकलं. म्हणून नुसते जुलमी अधिकारी पुरत नाहीत. आणि कारण परिणामाच्या आधी येतं का? उत्तरेतल्या ग्रीक स्वाऱ्या, ज्यांचा उल्लेख पतंजली ‘अरुणद् यवनः साकेतम्’ असा करतो, बहुतेक विद्वानांच्या मते मौर्य संपताना किंवा संपल्यावरच्या आहेत. दार मोडलं म्हणून ते आत आले, त्यांनी ते मोडलं नाही.

माझं मत बदलायचं असेल तर दोन प्रकारचा पुरावा लागेल. एक, इ.स.पू. 230 ते 185 मधला म्हणून थरावरून पक्का ठरवता येईल असा मोठा नाणेनिधी, आणि त्यातल्या नाण्यांच्या धातूची तपासणी. तांबं खरोखर त्याच वर्षांत चढलेलं दिसलं आणि सोबत मगधातल्या वस्त्याही आक्रसलेल्या दिसल्या, तर कोसंबींकडे परत जावं लागेल. दुसरा, दशरथानंतरच्या एखाद्या मौर्य राजाचा लेख, तोही मगधापासून लांब. तो उज्जैनला किंवा आंध्रात निघाला आणि कोरणारा पाटलिपुत्रातून बोलत असला, तर वाटणीची माझी मांडणी मला खोडावी लागेल.